हवेत लटकलेला सराटा

"मावशी, थांब! सराटा हवेत लटकलाय."

भाचीनं मागून कुर्ता ओढला आणि मी उचललेलं पाऊल तसंच मागे घेतलं. श्रावणातला रविवार होता. अंजनेरी गावातून वर चढणारी पायवाट, नुकतीच उघडलेली भुरभुर, दोन्ही अंगांना करवंदाच्या जाळ्या. त्यातल्या दोन जाळ्यांमधल्या फटीत, माझ्या छातीच्या उंचीवर, खरोखरच एक सराटा अधांतरी तरंगत होता. शेतातून कधी अनवाणी चाललेल्या माणसाला सराटा वेगळा सांगायला नको: टणक, चहूबाजूंनी टोकदार, पायात गेला की डोळ्यांत पाणी आणणारा. हाही तसाच दिसत होता. फक्त रंग पिवळट पांढरा, त्यावर काळपट आडवे पट्टे, आणि कडेनं सहा काटे. भाचीनं हलकेच फुंकर मारली आणि सराट्याला आठ पाय फुटले.

तो काटेरी कोळी होता. नेमकं सांगायचं तर कोळ्याची मादी. शास्त्रातलं नाव गॅस्टेराकँथा जेमिनाटा. नाव जड वाटतं, पण त्याची घडण मतदारयादीतल्या नावासारखी आहे: आधी आडनाव, मग नाव. गॅस्टेराकँथा हे आडनाव ग्रीक भाषेतल्या 'पोट' आणि 'काटा' या दोन शब्दांपासून झालेलं. स्वीडनच्या कार्ल याकोब सुंदेवाल यांनी ते १८३३ मध्ये दिलं. जेमिनाटा हा शब्द लॅटिन, अर्थ 'जोडीजोडीनं असलेली'. हे नाव आडनावापेक्षा जुनं आहे. नावांची ही दोन शब्दी पद्धत रूढ करणाऱ्या लिनियसचे शिष्य, डेन्मार्कचे योहान ख्रिश्चन फाब्रिसियस यांनी १७९८ साली या कोळ्याचं वर्णन छापलं. तेव्हा नाशकात पेशव्यांचा अंमल होता. म्हणजे सव्वादोनशे वर्षं हा जीव शास्त्राच्या दप्तरी नोंदलेला आहे. त्याचा मुलूख दक्षिण भारत, श्रीलंका आणि आपला सह्याद्री. तरी त्याला हाक मारायला एखादं मराठी नाव माझ्या ऐकण्यात आजवर आलेलं नाही. म्हणून या लेखापुरतं भाचीनं दिलेलंच नाव घेते: सराटा-कोळी.

या कोळ्याची सगळी गोष्ट एका सवयीपासून सुरू होते. ती समजली की काटे, रंग, जाळ्याची ठेवण, सगळ्याचा उलगडा होत जातो. सवय अशी, की ही मादी भर दिवसा, उघड्यावर, जाळ्याच्या ऐन मध्यावर बसते.

यात काय विशेष, असं वाटेल. कोळी जाळ्यात नाही बसणार तर कुठं? पण गोल जाळं विणणारे कितीतरी कोळी दिवसा जाळ्यात सापडत नाहीत. पावसाळ्यात संध्याकाळी अंगणात तुळशीवृंदावन आणि दिव्याचा खांब यांच्यामध्ये एक तपकिरी कोळी भराभर गोल जाळं विणताना दिसतो. सकाळी बघावं तर जाळं नाही, कोळीही नाही. तो जवळच एखाद्या पानाची गुंडाळी करून आत दडलेला असतो. अंधार हीच त्याची ढाल.

सराटा-कोळ्यानं ही ढाल टाकून दिली आहे. दिवसा उडणाऱ्या माश्या, चिलटं, छोटे भुंगेरे पकडायचे तर दिवसा दुकान उघडं ठेवावं लागतं, आणि मग गिऱ्हाइकाबरोबर चोरही येतात. चोर मुख्यतः दोन. एक पक्षी. दुसरी कुंभारीण, म्हणजे मातीची घरं करणारी ती बारीक कमरेची गांधीलमाशी. आपल्या गॅलरीत, वीजमीटरच्या पेटीमागं, कधी खिडकीच्या चौकटीत तिनं लिंपलेलं मातीचं घर सगळ्यांनी पाहिलेलं असतं. ते पडून फुटलं तर आतून पाच-दहा कोळी बाहेर पडतात. मेल्यासारखे दिसतात, पण मेलेले नसतात. कुंभारणीनं नांगी मारून त्यांना लुळं केलेलं असतं, त्यांतल्या एकावर अंडं घातलेलं असतं, आणि अंड्यातून निघालेली अळी हे ताजं अन्न एकेक करून संपवते. उघड्यावर बसणाऱ्या कोळ्याला कुंभारणीचं भय कायमचं.

आता कोळ्याचं शरीर बघा. पुढचा भाग डोकं आणि छाती एकत्र झालेला, त्याला आठ पाय. मागचा भाग पोट. बहुतेक कोळ्यांचं पोट मऊ, फुगीर, द्राक्षाच्या मण्यासारखं असतं. बोटानं दाबलं तर फुटेल असं. पक्ष्याच्या दृष्टीनं तो पिकलेला मणीच, चोचीत धरला की गट्ट. सराटा-कोळ्याच्या मादीनं या मण्यावर खेकड्यासारखं कवच चढवलं आहे. पोटाची वरची बाजू कडक, चपटी आणि लांबीपेक्षा रुंद. तिच्या कडेनं काट्यांच्या तीन जोड्या. सगळा जीव हरभऱ्याच्या दाण्याएवढा, पण काटे बाहेर काढून बसल्यावर त्याला गिळायला लागणारं तोंड त्याहून बरंच मोठं हवं. कुंभारणीलाही असा काटेरी ऐवज कवेत धरून उडत नेणं जिकिरीचं जातं. काट्यांत विष नसतं, ते टोचण्यासाठी अंगावर धावूनही येत नाहीत. त्यांचं काम एकच, घशात अडकणं.

अमेरिका खंडात मायक्राथेना नावाचे कोळी आहेत. त्यांच्याही पोटावर असेच कडक काटे असतात आणि तेही दिवसा जाळ्यात बसतात. दिसायला सख्खे भाऊ वाटावेत असे, पण नातं दूरचं. काटे दोघांना स्वतंत्रपणे आले. अडचण सारखी असली की दोन वेगळ्या घराण्यांना एकच उपाय सुचतो, हे मला उत्क्रांतीतलं सगळ्यात देखणं प्रकरण वाटतं.

त्या दिवशी भाचीनं मोबाईलचा कॅमेरा जवळ नेऊन फोटो काढला आणि पडद्यावर दोन बोटांनी मोठा केला. पिवळट पट्ट्यांच्या कडेनं बारीक काळसर खळगे ओळीनं दिसले, कुणी बोथट खिळ्यानं ठोकल्यासारखे. "हे डोळे आहेत का गं?" तिनं विचारलं. डोळे नाहीत. डोळे पुढं, डोक्यावर, तेही आठ. हे खळगे म्हणजे आतले स्नायू जिथं कवचाला जोडलेले असतात त्या जागा. गादी भरणारा कारागीर कापूस सरकू नये म्हणून गादीच्या वरपासून खालपर्यंत दोरा ओढून टाके मारतो. प्रत्येक टाक्यापाशी गादी जरा आत दबते. तसंच इथं: पोटाच्या वरच्या आणि खालच्या बाजूला बांधून ठेवणारे स्नायू, आणि बाहेरून दिसणारे त्यांचे टाके. कवच कडक असल्यामुळं ते इतके ठसठशीत उमटतात.

आता जाळ्याकडे वळू, कारण या कोळ्याचं निम्मं शरीर त्याच्या अंगाबाहेर, जाळ्यातच असतं असं म्हटलं तरी चालेल.

दिंडोरी-निफाडकडे ज्यांनी द्राक्षबाग उभी करताना पाहिली आहे त्यांना हे पटकन कळेल. आधी कडेचे खांब, त्यांना बाहेरून ताण, मग खांबांवरून मुख्य तारा, त्या कचकचीत ओढून घ्यायच्या, आणि मग मधल्या तारा. ताण सैल राहिला तर घड भरल्यावर सगळा मांडव झुलतो. कोळ्याचं जाळं याच क्रमानं उभं राहतं, फरक एवढाच की त्याला खांब रोवता येत नाहीत, आहेत त्या फांद्या वापराव्या लागतात, आणि पलीकडच्या फांदीवर जायला पूलही नसतो. तो पूल वारा बांधून देतो. मादी एका बाजूच्या फांदीवर उभी राहते, पोटाचं टोक वर उचलते आणि वाऱ्यावर एक धागा सोडते. धागा लांबत जातो. पलीकडं कुठं अडकला की ती तो ओढून बघते, पक्का बसला तर त्यावरून चालत जाते आणि जाता जाता तो मजबूत करते. मग मधोमध येऊन खाली उतरते, आणि तीन बाजूंनी ताणलेला पहिला सांगाडा तयार होतो. त्याभोवती चौकट, आणि मध्यापासून चौकटीपर्यंत सायकलच्या चाकाच्या आऱ्यांसारखे धागे.

यापुढचा भाग मला सगळ्यात जास्त आवडतो. आरे झाले की मादी मध्यापासून बाहेर जाताना एक विरळ, कोरडी चक्री घालते. ही चक्री शिकारीसाठी नाही. इमारत बांधताना गवंडी बांबूची परांची बांधतो, तशी ही परांची आहे. बाहेरच्या कडेला पोहोचली की ती उलटी फिरते, आणि परांचीवर पाय ठेवत बाहेरून आत, अगदी जवळजवळ, चिकट धाग्याची खरी चक्री विणत येते. येता येता परांची कापून टाकत जाते. शेवटी उरतात कोरडे आरे आणि चिकट फेरे. कोळी स्वतःच्या जाळ्यात का अडकत नाही, या प्रत्येक मुलाच्या प्रश्नाचं निम्मं उत्तर यातच आहे: चालायचं ते कोरड्या आऱ्यांवरून. उरलेलं निम्मं त्याच्या पायांत आहे. पायांच्या टोकांचे केस आणि जपून टेकवायची ढब, यांमुळं चिकट थेंबाला पाय लागला तरी तो सहज सुटतो.

धागेही एका जातीचे नसतात. येवल्याची पैठणी ज्या रेशमाची होते ते रेशीम अळीच्या तोंडाजवळून निघतं, आणि अळी ते कोश करण्यासाठीच काढते. जाळेकरी मादीच्या पोटात रेशमाच्या साधारण ७ तऱ्हेच्या ग्रंथी असतात. चौकटीचा धागा वेगळा, तो ताण सोसतो. चक्रीचा धागा वेगळा, तो आपल्या लांबीच्या दुपटीहून अधिक ताणला तरी तुटत नाही, म्हणून वेगानं येऊन धडकलेली माशी जाळं भोकाडून आरपार जात नाही, धागा तिच्याबरोबर ताणतो आणि तिचा वेग खाऊन टाकतो. त्या धाग्यावरचा गोंद आणखी वेगळ्या ग्रंथीतला. या गोंदात हवेतला दमटपणा शोषून घेणारे क्षार असतात, त्यामुळं त्याचे थेंब ओले राहतात. अंडी गुंडाळायचं रेशीम निराळं, शिकार बांधायचं निराळं.

इतक्या कष्टाचं जाळं रोज का मोडायचं, हाही प्रश्न येतो. धूळ बसली, परागकण बसले की गोंद निकामी होतो. म्हणून बरेच जाळेकरी कोळी जुनं जाळं खाऊन टाकतात आणि नवं विणतात. १९७१ साली प्रसिद्ध झालेल्या एका प्रयोगात, युरोपातल्या बागेत आढळणाऱ्या एका जाळेकरी कोळ्याच्या रेशमात किरणोत्सारी खूण मिसळून पाहिलं. खाल्लेलं रेशीम अवघ्या ३० मिनिटांत नव्या धाग्यात उतरलेलं सापडलं. दिवाळीच्या साफसफाईत आपण कुंच्यानं जी जळमटं काढतो ती या घराण्याची नव्हेत. ती घरात राहणाऱ्या लांबपायी कोळ्यांची, टाकून दिलेली, धुळीनं जाड झालेली जाळी. जाळेकरी कोळी मागं कचरा ठेवत नाही.

अंजनेरीच्या त्या जाळ्यात आणखी एक गोष्ट होती. चौकटीच्या धाग्यांवर, ठरावीक अंतरानं, पांढरे कापसासारखे झुपके. आधी आम्हाला ते सावरीचा कापूस उडून चिकटल्यासारखे वाटले, पण श्रावणात कुठली सावर फुटायला? ते झुपके मादीनंच विणलेले असतात. गॅस्टेराकँथा आडनावाच्या कोळ्यांची ही ओळखखूणच म्हणता येईल. ज्यांनी बागेत 'एक्स' आकाराची नक्षी करणारा सिग्नेचर स्पायडर पाहिला आहे त्यांना जाळ्यातल्या पांढऱ्या रेशमाची कल्पना असेल. तिथं नक्षी जाळ्याच्या मध्यावर असते, इथं झुपके कडेच्या दोरांवर.

कशासाठी? दोन अंदाज फार दिवस मांडले जात आहेत. एक, हे झुपके चमकून किड्यांना बोलावतात. दुसरा, ते पक्ष्यांना आणि मोठ्या जनावरांना सांगतात की इथं जाळं आहे, वाट बदला. या घराण्यातल्या अमेरिकेतल्या कोळ्याचं, गॅस्टेराकँथा कँक्रिफॉर्मिसचं, बारकाईनं निरीक्षण झालं तेव्हा चिकट फेरे नसलेल्या, नुसत्या विसाव्यासाठी विणलेल्या धाग्यांवरही झुपके दिसले. जिथं शिकार पकडायचीच नाही तिथं किड्यांना बोलावून करणार काय? त्यामुळं दुसरा अंदाज मला जास्त पटतो. शेताच्या कडेनं नवी तार ओढली की शेतकरी तिला चिंध्या बांधतो, गुरं अडखळू नयेत म्हणून. हे झुपके त्या चिंध्या आहेत. आणि आम्हा दोघींच्या बाबतीत त्यांनी काम चोख केलं, भाचीला आधी झुपकेच दिसले होते.

रंगाचं कोडं मात्र इतकं सरळ नाही. लपायचं नाही हे ठरलंच आहे, पण म्हणून इतकं पिवळंधमक का व्हायचं? इथं नाशिकच्या वाचकाला परदेशी उदाहरणाची गरज नाही. टोमॅटोच्या आणि द्राक्षाच्या बागांत काठीला बांधलेले पिवळे चिकट सापळे आपण रोज बघतो. पांढरी माशी, मावा, तुडतुडे पिवळ्या रंगाकडे ओढले जातात आणि गोंदात बसतात. आता चिकट जाळ्याच्या मध्यावर बसलेली पिवळी मादी डोळ्यांसमोर आणा. ऑस्ट्रेलियातल्या गॅस्टेराकँथा फॉर्निकाटा या कोळ्यावर हाच विचार तपासला गेला. काही माद्यांचे पिवळे पट्टे काळ्या रंगानं झाकले, तर त्यांच्या जाळ्यात कमी किडे आले. प्रकरण मिटलं असं वाटेल. पण ब्राझीलमध्ये कँक्रिफॉर्मिसवर तसाच प्रयोग झाला आणि रंगानं शिकारीत काही फरक पडला नाही. माझ्या मते रंगाला एकच काम नेमून दिलेलं नसावं. तोच पिवळा-काळा पट्टा किड्याला फुलासारखा आणि एकदा घशाला काटा लागलेल्या पक्ष्याला धोक्याच्या पाटीसारखा दिसू शकतो. कुठल्या जंगलात कोणते किडे, कोणते पक्षी, यावर कोणतं काम महत्त्वाचं ते ठरत असणार.

फॉर्निकाटाचं नाव आलंच आहे तर सांगते. १७७० साली कॅप्टन कुकच्या जहाजावरून जोसेफ बँक्स ऑस्ट्रेलियाच्या किनाऱ्यावर उतरले, त्यांनी जमवलेल्या नमुन्यांत हा कोळी होता, आणि १७७५ मध्ये त्याला नाव देणारे पुन्हा आपले फाब्रिसियसच. शास्त्रीय नाव मिळालेला तो ऑस्ट्रेलियाचा पहिला कोळी. काटेरी कोळ्यांवर परक्या माणसाची नजर पहिल्यांदा पडते, याचं कारण उघड आहे. ते लपत नाहीत.

इतका वेळ मी मादीबद्दलच बोलते आहे, कारण नर शोधूनही सापडायला कठीण. तो तिळाएवढा, काळपट, मोठे काटे नसलेला. त्याला जाळ्याच्या मध्यावर दिवसभर बसायचं नसतं, मग चिलखत कशाला? तो जाळ्याच्या कडेला येतो आणि धाग्यावर ठरावीक ठेक्यानं पाय आपटतो. मादीला आठ डोळे असले तरी दृष्टी मंद. तिचं जग पायांना जाणवणाऱ्या कंपनांचं. अडकलेली माशी बेताल धडपडते, नर तालात वाजवतो. या फरकावर त्याचा जीव अवलंबून. कँक्रिफॉर्मिसची मादी पानाच्या खालच्या बाजूला रेशमाच्या गादीत अंडी घालते. अमेरिकेत मोजलेल्या १५ पुंजक्यांत १०१ ते २५६ अंडी निघाली. पिल्लं ११ ते १३ दिवसांत बाहेर येतात, काही आठवडे घोळक्यानं राहतात आणि मग पांगतात. अंडी घालून झाल्यावर आई जगत नाही.

वाचता वाचता लक्षात आलं असेल की मोजमापं आली की मी जेमिनाटा सोडून अमेरिकेतल्या आणि ऑस्ट्रेलियातल्या भाईबंदांकडे जाते. तिकडं हे कोळी लिंबू-संत्र्याच्या बागांत, घराच्या कुंपणावर दिसतात, म्हणून लोकांनी ते मोजले, रंगवले, त्यांच्यामागं वर्षं घालवली. आपल्या कोळ्याबद्दल छापलेलं साहित्य बरंचसं ओळख पटवण्यापुरतं आहे. १९०० साली रेजिनाल्ड पोकॉक यांनी ब्रिटिश भारतातल्या कोळी-विंचवांवर मोठा ग्रंथ लिहिला, त्याच वर्षी डॅलयी ही आणखी एक भारतीय काटेरी प्रजाती त्यांनी नोंदवली. जेमिनाटाची जाळी पावसाच्या कोणत्या आठवड्यात वाढतात, ती कोणत्या झुडपाला पसंती देते, झुपके किती अंतरावर बांधते, हे एखाद्या नाशिककर विद्यार्थ्याला वही आणि मोजपट्टी घेऊन दोन पावसाळ्यांत टिपता येईल. मला हे मनापासून वाटतं. त्यासाठी प्रयोगशाळा लागत नाही.

बघायला जायचं तर जिल्ह्याच्या पश्चिमेला, घाटाकडच्या पावसाळी पट्ट्यात जा: अंजनेरी, ब्रह्मगिरीचा परिसर, इगतपुरीकडची रानं. दाट झाडीच्या पोटात न शिरता कडेला, पायवाटेवर, दोन झुडपांमधल्या फटी बघा. ऊन समोरून येत असेल तर जाळं लगेच चमकतं. पिवळट अंगावर काळपट आडवे पट्टे आणि सहा काटे असतील तर जेमिनाटा. पांढऱ्यावर काळे ठिपके आणि काटे आखूड असतील तर ती कुहली, याच आडनावाची दुसरी. आणि मधले दोन काटे खिल्लार बैलाच्या शिंगांसारखे लांबलचक, बाक घेऊन वर गेलेले असतील तर तो आर्क्युएटा, पण त्यासाठी आग्नेय आशियातल्या जंगलांची वाट धरलेली बरी. यांतला कुठलाही कोळी माणसाला धोकादायक नाही. तरी हात लावू नये. धागा तुटला तर तिची सगळी उस्तवार वाया जाते.

आम्ही गडावरून उतरलो तेव्हा दुपार कलली होती. मधल्या वेळात त्या वाटेवरून एक मोठा घोळका गेला होता, आणि पुढच्या माणसानं काठी फिरवत वाट मोकळी केली असावी. जाळ्याचा खालचा अर्धा भाग लोंबत होता. भाची काही बोलली नाही, तिनं करवंदाची फांदी हलकेच बाजूला केली आणि आत बघितलं. वरचा दोर शाबूत होता, त्यावरचे पांढरे झुपके जागच्या जागी. त्याच्या टोकाला, पानाच्या कडेवर, सराटा बसला होता. त्यानं पोटाचं टोक वर उचललं होतं, आणि तिथून एक धागा निघून वाऱ्यावर लांबत चालला होता.